पडद्यावर भूतकाळ नसतो

"तो गेला", "तो जायचा", "तो गेला होता". मराठीत क्रियापद जरासं बदललं की ऐकणाऱ्याला गोष्ट कधीची आहे ते कळतं. कॅमेऱ्याकडे ही सोय नाही. माणूस दारातून बाहेर पडताना दिसला, की तो बाहेर पडतोय, एवढंच पडदा सांगू शकतो. गोष्ट शिवकाळातली असो की परवाची, शूटिंग गेल्या वर्षी झालेलं असो की साठ वर्षांपूर्वी, आपल्या डोळ्यांपुढे ते आत्ता घडत असतं. कधीच वारलेला नट आपल्यासमोर तरुण असतो, हसतो, जिना चढतो.

ही अडचण सोडवायला सिनेमाने खुणा ठरवून घेतल्या. कॅमेरा चेहऱ्याच्या जवळ जातो, चित्र लहरल्यासारखं हलतं, रंग उडून सगळं कृष्णधवल होतं, हार घातलेल्या तसबिरीवर नजर थांबते, नाहीतर सरळ 'वीस वर्षांपूर्वी' अशी पाटी येते. हा झाला फ्लॅशबॅक. परत येतानाही तशीच खूण असते. त्यामुळे प्रेक्षक निर्धास्त असतो. ते तेव्हाचं, हे आत्ताचं, आणि मधे पक्की भिंत.

माणसाची आठवण अशी वागत नाही. विशेषतः जी नकोशी आहे, जिच्याविषयी घरात कधी कोणी बोललेलं नाही, ती पाटी लावून येत नाही. भाजी चिरताना, बसमध्ये, कुणाच्या तरी हाताकडे बघताना ती अचानक समोर उभी राहते आणि तेवढ्यापुरतं आजूबाजूचं जग दिसेनासं होतं. म्हणजे वर जी सिनेमाची अडचण म्हणून सांगितली, ती खरं तर त्याची ताकद आहे. पडद्यावर सगळंच आत्ता घडतं, म्हणून दिग्दर्शकाने मधली भिंत काढून टाकली की गेलेला काळ चालू काळात घुसतो, आणि प्रेक्षकाला तो बाहेर ढकलता येत नाही. भूतकाळ मानगुटीवर बसतो म्हणजे नेमकं काय होतं, हे सिनेमाइतकं स्पष्ट दुसरं काही दाखवू शकत असेल असं मला वाटत नाही.

हे कसं घडतं ते समजून घ्यायला आपण फ्रान्सकडे बघू. तिथे भूतकाळ दडवणारं सरकारही होतं आणि दडवलेलं वर काढणारे सिनेमेही होते. दोघांची झटापट जवळजवळ तारीखवार सांगता येते.

आधी थोडा इतिहास. जून १९४० मध्ये फ्रान्स जर्मनीपुढे हरला. मार्शल पेताँ यांच्या हाती सत्ता आली आणि व्हिशी या गावातून ते सरकार कारभार बघू लागलं. त्या सरकारने ज्यूंविरुद्धचे कायदे त्याच वर्षी केले. जुलै १९४२ मध्ये पॅरिसमध्ये सुमारे १३,००० ज्यूंना घराघरांतून उचललं गेलं, त्यात चार हजारांहून जास्त मुलं होती. उचलणारे पोलीस फ्रेंच होते. देशातून एकूण सुमारे ७५,००० ज्यू पूर्वेकडच्या छावण्यांमध्ये रवाना झाले आणि त्यातले फार थोडे परतले. १९४४ मध्ये देश मुक्त झाल्यावर जनरल द गोल यांच्या भोवती एक वेगळीच कहाणी उभी राहिली: मूठभर फितूर सोडले तर सगळा फ्रान्स प्रतिकारात होता, आणि व्हिशी म्हणजे खरा फ्रान्स नव्हेच. मोडलेला देश पुन्हा सांधायला अशी कहाणी लागते, हे समजण्यासारखं आहे. पण तिच्या आडोशाने कितीतरी जुने अधिकारी आपापल्या खुर्च्यांवर तसेच बसून राहिले. त्यातल्या एकाचं नाव पुढे येणार आहे.

त्यात १९५४ च्या नोव्हेंबरात फ्रान्सच्या ताब्यातल्या अल्जीरियाने स्वातंत्र्यासाठी शस्त्र उचललं. आठ वर्षं चाललेल्या या युद्धाला फ्रान्सचं सरकार युद्ध म्हणायला तयार नव्हतं. कायद्याच्या कागदावर ते 'युद्ध' झालं थेट १९९९ मध्ये.

नाझी छावण्यांतले कैदी सुटले त्याला दहा वर्षं झाली म्हणून १९५५ मध्ये आलाँ रेने या तरुण दिग्दर्शकाकडे एका माहितीपटाचं काम आलं. त्याने अट घातली की छावणीतून जिवंत परत आलेला माणूस सोबत असेल तरच मी हे करीन. मग मौटहाउझेनच्या छावणीत राहिलेल्या ज्याँ केरोल या कवीने निवेदन लिहिलं. सिनेमाचं नाव 'नाइट अँड फॉग', लांबी सुमारे ३२ मिनिटं. नाव आलं हिटलरच्या डिसेंबर १९४१ च्या एका आदेशावरून. व्यापलेल्या देशांत विरोध करणाऱ्यांना 'रात्री आणि धुक्यात' गायब करायचं, घरच्यांना पत्ताही लागू द्यायचा नाही, असा तो आदेश होता.

पहिलं दृश्य रंगीत आहे. मोकळं आभाळ, शेत, गवत. कॅमेरा हळूच खाली येतो आणि काटेरी तारेपाशी पोचतो. ही पोलंडमधली छावणीची जागा, जशी १९५५ मध्ये होती तशी. माणूस कोणी नाही. कॅमेरा ट्रॉलीवरून संथपणे, न थांबता, रिकाम्या बराकींपुढून, रुळांवरून, लाकडी फळ्यांच्या रांगांपुढून सरकत राहतो. मग एकदम कट, आणि कृष्णधवल चित्रं: मोर्चे, आगगाड्या, माणसं, प्रेतं. पुन्हा कट, पुन्हा रंग, पुन्हा गवत.

इथे रेनेने काय केलं ते नीट बघायला हवं. कृष्णधवल म्हणजे जुनं, रंगीत म्हणजे आजचं, ही खूण त्याने वापरली, पण उलटवून. साधारणपणे आजचा काळ भरलेला असतो आणि जुना काळ धूसर. इथे आजचा काळ रिकामा आहे आणि जुना ओसंडून वाहतोय. दर वेळी कृष्णधवल चित्रावरून आपण रंगीत बराकीत परत येतो, तेव्हा मघाची माणसं डोळ्यांत शिल्लक असतात. रिकाम्या फळ्यांवर आपणच त्यांना झोपवतो. लेव कुलेशोव या रशियन दिग्दर्शकाने १९२० च्या आसपास दाखवून दिलं होतं की प्रेक्षक दोन चित्रांमधली जागा स्वतःच्या मनाने भरतो. एकाच नटाचा तोच भावहीन चेहरा सुपाच्या ताटलीनंतर दाखवला की तो भुकेला वाटतो, शवपेटीनंतर दाखवला की दुःखी. रेनेने हेच तत्त्व एका जागेला लावलं. पडद्यावर भूत कुठेच नाही. झपाटलेली आहे ती आपली नजर.

संगीत हान्स आइसलरचं आहे, जो स्वतः नाझींमुळे देशोधडीला लागला होता. ज्या चित्रांवर दुसऱ्या कोणीही ढोल-ताशे वाजवले असते, तिथे त्याने बासरीसारखं हलकं, जवळजवळ नाजूक काहीतरी ठेवलंय. ते ऐकताना जास्त त्रास होतो.

आता त्या झटापटीकडे. सिनेमात एक जुना फोटो काही क्षण दिसतो. फ्रान्समधल्याच एका छावणीवर पहारा देणारा शिपाई, पाठमोरा, डोक्यावर फ्रेंच पोलिसाची ओळखीची गोल टोपी. सेन्सॉरने हरकत घेतली. ती त्या टोपीवर. अखेर फोटोवर लाकडी वाशासारखा एक आडवा पट्टा रंगवून टोपी झाकली तेव्हा कुठे परवानगी मिळाली. तो पट्टा त्या प्रतीवर अनेक वर्षं राहिला. १९५६ च्या कान महोत्सवात पश्चिम जर्मनीच्या सरकारने तक्रार केली म्हणून सिनेमा स्पर्धेतून काढला गेला, तो भाग वेगळा. मला टोपीचा प्रसंग जास्त मोलाचा वाटतो, कारण एखादा देश नेमकं काय विसरू पाहतोय ते त्या एका पट्ट्याने बोट ठेवून दाखवलं.

सिनेमाच्या शेवटी पकडलेले पहारेकरी आणि अधिकारी एकेक करून म्हणतात की मी जबाबदार नाही. मग निवेदक विचारतो, तर जबाबदार कोण? हे सगळं एका देशापुरतं आणि एका काळापुरतं होतं असं मानून चालणाऱ्या आपल्याकडे तो वळतो. १९५६ चा फ्रेंच प्रेक्षक हे ऐकत होता तेव्हा त्याच्या सैन्याची तरुण पोरं अल्जीरियात होती. रेनेने नंतर सांगितलं की त्याच्या मनात तेव्हा अल्जीरियाच होतं.

एक उणीव मात्र सांगायलाच हवी. संपूर्ण निवेदनात 'ज्यू' हा शब्द एकदाच येतो, तोही ओझरता. ज्यू म्हणून मारले गेलेले लोक आणि विरोधक म्हणून पकडलेले कैदी एकाच दुःखात मिसळून जातात. विसरण्याविरुद्ध केलेल्या सिनेमातही विसरणं शिरू शकतं, आणि तेही चांगल्या हेतूच्या आडून. माझ्या लेखी ही लहान चूक नाही.

त्यानंतर निर्मात्यांना रेनेकडून अणुबॉम्बवर असाच माहितीपट हवा होता. त्याने प्रयत्न केला आणि सोडून दिला. त्याऐवजी मार्गेरित द्युरास या लेखिकेकडून पटकथा लिहून घेऊन १९५९ मध्ये कथापट केला, 'हिरोशिमा मोनामूर'. एक फ्रेंच नटी शूटिंगसाठी हिरोशिमाला आली आहे. एका जपानी पुरुषाशी तिची दोन दिवसांची ओळख. दोघांनाही सिनेमाभर नाव नाही.

सकाळ झालीय. ती किमोनोसारखा सैल झगा अंगावर घेऊन, हातात कॉफीचा कप घेऊन, दारात उभी राहून त्याच्याकडे बघतेय. तो पालथा झोपलाय, एक हात बाजूला पसरलेला. झोपेत त्याची बोटं जराशी थरथरतात. आणि एकदम दुसराच हात. दुसरा माणूस, जमिनीवर पडलेला, मरणाच्या दारातला, आणि त्याच्या रक्ताळलेल्या चेहऱ्याला बिलगलेली एक मुलगी. काही सेकंद. पुन्हा खोली, ती तशीच उभी.

कॅमेरा जवळ गेला नाही, चित्र हललं नाही, पाटी आली नाही. तो मेलेला माणूस कोण, हे आपल्याला पुढे बऱ्याच वेळाने कळतं. तोवर आपलीही अवस्था तिच्यासारखीच: काहीतरी दिसलं, का दिसलं ते सांगता येत नाही. आठवण विचारातून येतेच असं नाही. कधी वासातून येते, कधी आवाजातून, इथे बोटांच्या थरथरीतून. १९५९ च्या प्रेक्षकाला असा कट नवा होता. आज तो इतका रुळलाय की एखाद्या थरारक वेबमालिकेतही दर दहा मिनिटांनी सापडेल, पण तिथे तो बहुतेकदा धक्क्यापुरता असतो. रेनेकडे त्या कटमध्ये अख्खं आयुष्य आहे.

ते आयुष्य असं. ती फ्रान्समधल्या नवेर गावची. युद्धात एका जर्मन सैनिकावर तिचं प्रेम होतं. गाव मुक्त होण्याच्या सुमारास त्याला कोणीतरी गोळी घातली. लोकांनी तिचं डोकं भादरलं आणि लाजेपायी आईबापांनी तिला तळघरात कोंडलं. डोकं भादरण्याची ही शिक्षा त्या काळात फ्रान्सभर सुमारे २०,००० बायकांना दिली गेली. बहादुरीच्या कहाणीत या बायकांना जागा नव्हती. केस वाढल्यावर ती एका रात्री सायकलवरून पॅरिसला निघून गेली, आणि पोचली तेव्हा सगळ्या वर्तमानपत्रांत एकच नाव होतं, हिरोशिमा.

हे सगळं ती त्या जपानी माणसाला रात्री एका कॅफेत सांगते. सांगता सांगता तिचा तोल जातो आणि ती त्यालाच 'तू' म्हणू लागते, जणू तोच तो मेलेला जर्मन. तोही तिला साथ देतो, "तू तळघरात असतेस तेव्हा मी मेलेलो असतो का?" अशा अर्थाचं विचारतो. नवेरची दृश्यं दिसत असताना कानावर बहुतेक वेळ हिरोशिमातल्या कॅफेचेच आवाज पडत राहतात. डोळे तिकडे, कान इकडे. प्रेक्षक एकाच वेळी दोन काळांत बसलेला असतो, आणि कुठल्याच एका काळात त्याला पाय टेकता येत नाहीत.

नंतर एकटी असताना तिला वेगळंच दुःख होतं. चौदा वर्षं जपलेली गोष्ट आज सांगून टाकली, म्हणजे आता ती गोष्ट झाली, म्हणजे आता तिचं विसरणं सुरू झालं. आपल्याकडे सहज म्हणतात, 'बोलून टाक, मोकळं वाटेल.' द्युरासने त्या मोकळं वाटण्याची किंमत लिहिली. सांगावं तर विसरण्याची भीती, न सांगावं तर झपाटलेपण. या पेचातून सिनेमा वाट काढत नाही.

१९६० च्या उन्हाळ्यात ज्याँ रूश आणि एदगार मोराँ पॅरिसच्या लोकांना "तुम्ही सुखी आहात का?" असं विचारत एक माहितीपट करत होते, 'क्रॉनिकल ऑफ अ समर'. कॅमेरे हलके झाले होते, आवाज खांद्याला अडकवलेल्या टेपरेकॉर्डरवर घेता येऊ लागला होता. एका दृश्यात मार्सेलीन लोरिदाँ पॅरिसमधल्या मोठ्या चौकातून एकट्या चालतायत, टेपरेकॉर्डर खांद्याला, आणि वडिलांशी पुटपुटत बोलतायत. वडिलांसोबत त्यांनाही किशोरवयात आउशविट्झला पाठवलं होतं. वडील परतले नाहीत. आसपास गाड्या चालू आहेत, शहर आपल्या कामात आहे. त्यांच्या हातावर छावणीचा गोंदलेला आकडा आहे. त्याच सिनेमात एका टेबलाभोवती बसलेल्या आफ्रिकी तरुणांना त्या आकड्याचा अर्थ ठाऊक नसतो, तो त्यांना तिथे पहिल्यांदा कळतो. आणि त्याच टेबलावर गोष्टी चाललेल्या असतात काँगोतल्या हिंसेच्या, वंशभेदाच्या. मायकल रॉथबर्ग या अमेरिकी अभ्यासकाने याच दृश्यांवरून एक चांगला मुद्दा मांडला: एकाची आठवण दुसऱ्याच्या आठवणीची जागा खात नाही, उलट तिला बोलायला शब्द पुरवते. 'आमचं दुःख मोठं की तुमचं' या भांडणात अडकलेल्या कुणालाही हे सांगावंसं वाटतं.

मार्सेल ओफ्यूल्सचा 'द सॉरो अँड द पिटी' हा चार तासांचा माहितीपट १९६९ चा. क्लेर्माँ-फेराँ या एका शहरात जर्मनांनी देश व्यापलेल्या काळात कोण कसं वागलं याच्या मुलाखती. सरकारी टीव्हीने तो दाखवायला नकार दिला. १९७१ मध्ये थिएटरांत लागला, टीव्हीवर यायला १९८१ उजाडलं.

क्लोद लाँझमानचा 'शोआ' हा ज्यूंच्या संहारावरचा माहितीपट १९८५ मध्ये आला, साडेनऊ तासांचा. त्यात जुनं एकही चित्र नाही. प्रेत नाही, नाझी मिरवणूक नाही. फक्त आजची जागा आणि आज बोलणारी माणसं. लाँझमानचं म्हणणं असं की जुनी फीत दाखवली की प्रेक्षक म्हणतो, 'हे तेव्हाचं'. त्याला ती पळवाट बंद करायची होती.

अब्राहम बोंबा यांचा प्रसंग घ्या. ते न्हावी. ट्रेब्लिंका या नाझी मृत्युछावणीत गॅसकोठडीत जाणाऱ्या बायकांचे केस कापायचं काम त्यांच्याकडून करून घेतलं गेलं. मुलाखतीच्या वेळी ते निवृत्त झाले होते. लाँझमानने इस्रायलमध्ये एक सलून भाड्याने घेतलं, बोंबांच्या हातात कात्री दिली, खुर्चीत एक माणूस बसवला. भोवती आरसे. बोंबा केस कापता कापता सांगतात, आवाज सपाट, एखाद्या कामाची माहिती द्यावी तसा. मग ते सांगायला लागतात की त्यांच्याच गावचा एक न्हावी मित्र तिथे होता, आणि एकदा त्याची बायको आणि बहीण आत आल्या. एवढं म्हणून ते थांबतात. कात्री चालू आहे, तोंडातून शब्द नाही. टॉवेलने डोळे पुसतात. कॅमेरा हटत नाही. "मला नाही जमणार," असं ते विनवतात. लाँझमान म्हणतो, आपल्याला हे करावंच लागेल. बऱ्याच वेळाने ते पुढे बोलतात.

हा छळ आहे का? बघताना मला दर वेळी वाटतं की कोणीतरी कॅमेरा बंद करावा. पण त्या हातांना कात्री दिल्यामुळे काय झालं तेही दिसतं. तोंडाने सांगितलेली हकीकत अनेकदा सांगून गुळगुळीत झालेली असते. हातांनी ती गुळगुळीत केलेली नव्हती. हात केस कापू लागले आणि चाळीस वर्षांपूर्वीची खोली त्या सलूनमध्ये आली. लाँझमान याला पुन्हा एकदा जगणं मानत होता. त्याचा निर्णय मला पटतो, आणि तरी बोंबांच्या बाजूने राग येतो. दोन्ही खरं आहे.

आता तो खुर्चीवर बसून राहिलेला अधिकारी. मोरिस पापाँ. युद्धकाळात बोर्दोच्या प्रशासनात वरच्या पदावर होता आणि तिथून ज्यूंना पाठवण्याच्या कागदांवर त्याच्या सह्या होत्या. युद्धानंतर त्याची बढतीच होत गेली. १९५८ मध्ये तो पॅरिसचा पोलीसप्रमुख झाला. १७ ऑक्टोबर १९६१ च्या रात्री फक्त अल्जीरियनांवर लादलेल्या संचारबंदीविरुद्ध हजारो अल्जीरियन, बायकामुलांसह, निःशस्त्र मोर्चाला निघाले. पोलिसांनी त्यांना झोडपलं, गोळ्या घातल्या, कित्येकांना सेन नदीत फेकलं. ११,००० हून जास्त लोकांना पकडलं. सरकारने मृतांचा आकडा दोन-तीनच्या पुढे जाऊ दिला नाही. इतिहासकारांचे अंदाज काही डझनांपासून दोनशेच्या पुढे जातात. भर राजधानीत हे घडलं आणि दशकानुदशकं शाळेच्या पुस्तकात त्याची ओळही नव्हती.

ही रात्र उजेडात आली ती दुसऱ्याच पापाच्या खटल्यातून. १९९७-९८ मध्ये पापाँवर बोर्दोच्या ज्यूंसाठी खटला चालला, त्यात ज्याँ-ल्यूक ऐनोदी या अभ्यासकाने १९६१ विषयी साक्ष दिली. पापाँला दहा वर्षांची शिक्षा झाली ती १९४२ ते ४४ च्या गुन्ह्यांसाठी. १९६१ साठी कोणालाच झाली नाही.

मिशाएल हानेके या ऑस्ट्रियन दिग्दर्शकाने त्या रात्रीवर टीव्हीवर एक माहितीपट पाहिला आणि इतकी मोठी गोष्ट इतकी वर्षं झाकून राहिली याचा त्याला धक्का बसला. त्यातून २००५ चा 'काशे' आला. पहिलं दृश्य: पॅरिसमधली एक शांत गल्ली, समोर एक घर. कॅमेरा स्थिर. नावं येऊन जातात, काही घडत नाही. मग कुणाचे तरी आवाज ऐकू येतात, आणि अचानक चित्रावर आडव्या रेघा उमटून ते भरभर पळायला लागतं. आपण गल्ली बघत नव्हतो. आपण एक व्हिडिओ कॅसेट बघत होतो, जी त्या घरातल्या नवराबायकोला कोणीतरी पाठवली आहे.

लेखाच्या सुरुवातीचा मुद्दा इथे कसाला लागतो. कॅसेटमधलं चित्र आणि सिनेमातलं चित्र हानेकेने मुद्दाम सारखंच ठेवलंय. रंग, धार, काही फरक नाही. त्यामुळे पुढे प्रत्येक स्थिर दृश्य सुरू झालं की आपण धास्तावतो: हे आत्ता चाललंय की आधी घडून गेलंय? कळायला मार्ग नाही, कारण चित्रावर काळ लिहिलेला नसतो. घरातला पुरुष, जॉर्ज, टीव्हीवरचा नावाजलेला सूत्रधार आहे. तो सहा वर्षांचा असताना त्याच्या घरच्या शेतावर एक अल्जीरियन जोडपं राबायचं. ते त्या ऑक्टोबरात मोर्चाला म्हणून पॅरिसला गेलं आणि परत आलं नाही. त्यांच्या मुलाला, माजिदला, जॉर्जचे आईवडील दत्तक घेणार होते. लहानग्या जॉर्जने खोटं सांगून ते होऊ दिलं नाही. १९६१ चा उल्लेख सिनेमात एकदाच, दोन-चार वाक्यांत येतो. बाकी वेळ आपण एका सभ्य, सुशिक्षित माणसाचा चिडचिडेपणा बघतो. "मी लहान होतो, माझा काय दोष?" हे त्याचं म्हणणं चूकही नाही. पण त्याला माजिदचं ऐकूनच घ्यायचं नाही, आणि हे मात्र त्याच्या आजच्या वयात तो करतोय. कॅसेट कोण पाठवतं ते हानेके सांगत नाही. ज्यांना रहस्य उलगडायला हवं असतं ते वैतागतात. मला वाटतं, पाठवणारा सापडला असता तर जॉर्जची सुटका झाली असती, आणि आपलीही.

सिनेमा फ्रान्समध्ये ऑक्टोबर २००५ च्या सुरुवातीला लागला. महिना संपता संपता पॅरिसच्या उपनगरांत दंगली पेटल्या, आणि त्या आवरायला सरकारने जी आणीबाणी लावली ती १९५५ च्या, म्हणजे अल्जीरियाच्या युद्धासाठी केलेल्या कायद्याखाली.

हे फक्त युरोपातच घडलं असं नाही. ढाक्यात जन्मलेल्या ऋत्विक घटकांनी फाळणीवर एकही दंगलीचं दृश्य न दाखवता सिनेमे केले. 'कोमल गांधार' मध्ये जुन्या पूर्व बंगालकडे जाणारे रूळ सरहद्दीपाशी संपतात. कॅमेरा त्या रुळांवरून वेग घेत धावत जातो आणि शेवटच्या अडसरावर आदळून पडदा काळा होतो. 'मेघे ढाका तारा' मध्ये निर्वासित घराचा गाडा ओढणारी नीता जिना उतरत असते आणि पार्श्वभूमीला चाबकाचे फटके ऐकू येतात. दृश्यात चाबूक नाही. रेनेने जे बोटांच्या थरथरीने केलं ते घटकांनी आवाजाने केलं, आणि जवळपास त्याच वर्षांत. पुढे साठच्या दशकात ते पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकवायला होते. मणी कौल आणि कुमार शहानी त्यांचे तिथले विद्यार्थी. प्रभातच्या जुन्या आवारात त्यांनी आवाजाविषयी जे शिकवलं त्याचे पडसाद भारतीय सिनेमात आजही सापडतात.

यातलं काही बघायचं असेल तर 'नाइट अँड फॉग' पासून सुरुवात करा, पण जेवणाच्या आगेमागे नको आणि लहान मुलांसोबत नको. 'हिरोशिमा' ची पहिली पंधरा मिनिटं गोंधळात टाकतात, तशी टाकू द्या. 'काशे' मोबाइलवर बघू नका. शेवटच्या स्थिर दृश्यात शाळेच्या पायऱ्यांवरच्या गर्दीत जे चाललंय ते छोट्या पडद्यावर हमखास निसटतं. 'शोआ' चार-पाच बैठकांत बघायला हरकत नाही. त्यात एक गोष्ट आधी माहीत असलेली बरी. पोलिश, हिब्रू, यिडिश बोलणाऱ्यांचं बोलणं लाँझमानने परस्पर सबटायटल करून टाकलेलं नाही. आधी माणूस बोलतो, मग दुभाषी बाई ते फ्रेंचमध्ये सांगते, आणि तेवढा वेळ बोलणारा गप्प बसून असतो. हा वेळ वाया जातोय असं वाटून पुढे ढकलू नका. दुभाषी बोलत असताना त्या माणसाच्या चेहऱ्याकडे बघा.